वीस मिनिटांचा फेरफार

खरं सांगा, तुमच्या भिंतीवरचं घड्याळ किती मिनिटं पुढं आहे? पाच? दहा? आणि ते पुढं करताना परवानगी कुणाची घेतली होती?

हसू नका. भोरच्या एसटी स्टँडपासून तीन मिनिटांवर हमीदचाचांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आहे आणि तिथं पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न विचारला जातो. चाचा भोर तालुका काळनियंत्रण परिषदेचे अध्यक्ष आहेत. परिषद त्यांनीच काढली. काळात ढवळाढवळ करणाऱ्या यंत्रांवर नजर ठेवणं हे तिचं काम, आणि चाचांच्या मते अशी यंत्रं घरोघरी टांगलेली आहेत.

दुकान पूर्वी कचेरीला लागून होतं. तलाठ्याची वाट बघणारी माणसं चाचांच्या बाकावर बसायची, त्यामुळं जमिनीची सगळी भाषा चाचांच्या अंगात मुरली. "घड्याळ पुढं सारलं म्हंजी फेरफार झाला," ते म्हणतात. "फेरफार आला की नोंद आली, नोटीस आली, हरकत आली. बांध वीतभर सरकला तर डोकी फोडता, आन् येळ दहा मिन्टं सरकवली तर कुनी इचारायचं न्हाई?"

मला हे तत्त्व म्हणून पटलं. मी परिषदेची चिटणीस झाले आणि पहिलं पत्रक लिहिलं : 'वेळ सर्वांची! तिच्यावर खासगी मालकी चालणार नाही!' उपाध्यक्ष आंबवड्याचे ज्ञानूतात्या. शेतकरी माणूस, चाचांचे जुने दोस्त. बाजाराच्या दिवशी भोरला येतात, दुपारभर बाकावर बसतात, दुकानातल्या घड्याळात सव्वापाच झाले की उठतात आणि साडेपाचची एसटी पकडतात. म्हणून परिषदेची सभाही बाजाराच्याच दिवशी.

समोरच्या शकूमावशींनी चहाच्या टपरीतलं घड्याळ पंधरा मिनिटं पुढं ठेवलं होतं. चाचांनी नोटीस बजावली.

"गिऱ्हाईक उठत न्हाई वो चाचा, एका कपावर दुपार काढत्यात!"

"मग तसा अर्ज करा. कारन लिवा."

शिवऱ्याच्या एका कॉलेजवाल्याच्या मोबाईलमध्ये गजर पुढं ढकलायचं बटण सापडलं, तेव्हा तर चाचा उठून उभेच राहिले. "ही बेकायदा मुदतवाढ हाय! तीबी रोज! तीबी झोपून!"

शिक्षा सगळ्यांना एकच. दुकानातल्या बाकावर बसून पाच मिनिटं सेकंदकाट्याकडं बघायचं. गुन्हेगाराला चहा मिळायचा, घरच्यांची चौकशी व्हायची आणि पाचाची पंचवीस मिनिटं कधी झाली ते कळायचं नाही. मग चाचा माझ्याकडं वळून विचारायचे, "नोंद केली का?"

तर एका बाजाराच्या दिवशी मी नवं पत्रक घेऊन जरा लवकर पोचले. बघते तर काय, अध्यक्ष स्टुलावर चढलेले, दुकानातल्या मोठ्या घड्याळाची काच उघडी, आणि त्यांचं बोट काट्यावर. काटा मागं, मागं, मागं. पूर्ण वीस मिनिटं! मी आल्यापावली परत फिरले. माझं डोकं तापलं होतं. ज्याच्या हातात कायदा, तोच चोर?

त्या दिवशी तात्यांची एसटी चुकली. पेंडीच्या टेम्पोत पोत्यांवर बसून ते आंबवड्याला गेले.

पुढच्या सभेत मी उभी राहिले आणि तक्रार वाचली. आरोपी : अध्यक्ष. चाचांनी डोळ्यावरचं दुरुस्तीचं भिंग काढलं, पुसलं, परत लावलं. समोर दुरुस्तीला घड्याळ नव्हतंच.

"चाचा, हे एकदाच झालं का?"

"न्हाई," ते म्हणाले. "दर बाजाराला. एरवी धाच मिन्टं. त्या दिवशी मोह झाला." मग तात्यांकडं न बघता म्हणाले, "पोरगं पुन्याला गेल्यापासनं शटर वढलं की आठवडाभर घरात निस्ती टिकटिक. मानूस न्हाई बोलाया. ज्ञानू, तू आता येनार न्हाईस, ठावं हाय मला."

मी खरं तर राजीनाम्याची मागणीही लिहून आणली होती. ती खिशातच राहिली.

तात्यांनी शांतपणे बंडीच्या खिशात हात घातला आणि मोबाईल काढून बाकावर ठेवला. "ह्यात येळ दिसती, पोरी. नातीनं शिकवलंय. धा मिन्टं मला पयल्या दिसापासनं ठावं हाईत."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर येळंवर उठावं लागलं असतं न्हवं!" मग चाचांकडं वळून, "पर म्हाताऱ्या, वीस करायची व्हती तर नोटीस द्यायची. म्या धाच धरून बसलो आन् पेंडीच्या पोत्यावर कंबर मोडून घेतली!"

चाचा हसायला लागले ते थांबेचनात. मग डोळे पुसत, अगदी हळू आवाजात त्यांनी विचारलं, "नोंद केली का?"

केली. 'मौजे भोर, दुकानातलं घड्याळ, दर बाजाराच्या दिवशी दहा मिनिटं मागं. उपाध्यक्षांची हरकत नाही. फेरफार मंजूर.'

आता फक्त तुमची हरकत राहिली. तेव्हा एवढं करा. बाजाराच्या दिवशी भोरला उतरलात आणि त्या दुकानातलं घड्याळ मागं दिसलं, तर मेहेरबानी करून कुणाला सांगू नका. मोबाईल खिशातच राहू द्या. बाकावर तिसऱ्या माणसाची जागा आहे, तिथं बसा.