अळूच्या भाजीचे दोन टोप

"आई, यंदा गौरीचा नैवेद्य मी करते."

हे वाक्य मिनलच्या तोंडून निघालं आणि तिलाच मागे वळून बघावंसं वाटलं, की हे बोललं कोण? खरं तर ती नुसती सुनेच्या रीतीनं बोलली होती. संगमेश्वरहून आलेल्या सासूबाई, म्हणजे सरूबाई, रीतीप्रमाणे "नको गो, मी करीन" म्हणतील असा तिचा हिशोब होता. पण सरूबाईंचा उजवा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये होता.

"कर की," त्या म्हणाल्या. "तुझं घर, तुझी गौर. पण आताच सांगून ठेवते. नैवेद्य बिघडला, तर पुढच्या वर्षापासून गौर विरारला नेहाकडे."

नेहा म्हणजे थोरली जाऊ, यंदा तिला यायला जमणार नव्हतं. तिच्या पुरणपोळीतून म्हणे पेपर वाचता येतो. (पोळी पुढ्यात असताना पेपर कोण वाचतो, हे मिनलला कधी कळलं नाही.)

गौर जायला नको होती. भाईंदरला इंद्रलोक वस्तीतल्या या वन-रूम-किचनमध्ये वर्षातून एकदा सगळं सासर येतं ते गौरीमुळे. गौर गेली की उरणार फक्त लाइटबिल घेऊन येणारा माणूस.

आता मिनलला स्वयंपाक येत नव्हता असं नाही. उशिरा आला, एवढंच. सातवीनंतर लग्नापर्यंत तिनं भाईंदरच्या कारखान्यात स्टीलच्या वाट्या पॅक केल्या. वाटीत पुढे काय पडतं, हा तिचा विभाग नव्हता. तो तिला मोबाईलनं शिकवला. 'शिकाऊ चूल' नावाचा कार्यक्रम. त्यात अमोल नावाचा एक पोरगा हेल्मेट घालून फोडणी देतो, भात करपला की त्याला हार घालतो आणि हसवता हसवता स्वयंपाक शिकवतो. त्याचा नियम एकच: "चाखा! मीठ टाकलं, चाखा. गूळ टाकला, चाखा. काहीच नाही टाकलं, तरी चाखा!" आठ महिने मिनल चाखत होती आणि घरचे जेवत होते.

त्या दिवशी सकाळी तिनं अळू निवडला, चिरला, शिजत टाकला, मोबाईल डब्याला टेकवून उभा केला आणि चमचा उचलला.

"ए बाई!" मागून सरूबाई ओरडल्या. "गौरीच्या आधी तू जेवतेस? नैवेद्य कोण चाखतं?"

चमचा हवेतच राहिला. हे मिनलला माहीत नव्हतं का? होतं. पण दर वर्षी नैवेद्य दुसऱ्याच्या हातचा, त्यामुळे न चाखणं सोपं गेलं होतं.

आणि भाजी कुठली, तर अळूची! मटकी असती तर बिघडून बिघडून किती बिघडली असती? अळूत आंबट कमी पडलं की घसा खाजतो. मिनलच्या डोळ्यांपुढे चित्र उभं राहिलं. चौदा पाहुणे गळे धरून बसलेत, चार वर्षांच्या लेकीचा, सान्वीचा घसा सुजलाय, खाली ॲम्ब्युलन्स वळत नाहीये कारण मंडपाचे बांबू आडवे आलेत, आणि या सगळ्यांवर खास विरारहून आलेली नेहा पंख्यानं वारा घालतेय.

तिनं कमेंट टाकून 'शिकाऊ चूल'लाच विचारलं. 'नैवेद्य चाखता येत नाही. आंबट कसं कळणार? लवकर सांगा, भाजी गॅसवर आहे.'

उत्तर लगेच आलं. 'ताई, देवीलाच विचारा किती स्टार देते.' पुढे हसणारी पाच तोंडं. बघता बघता त्याला तीनशे बारा लोकांनी लाईक केलं. तीनशे बारा! सणाच्या दिवशी सकाळी नऊ वाजता यांच्या घरी काय नैवेद्य नव्हते? मिनलच्या अंगाचा भडका उडाला. आठ महिने याचे जोक्स सहन केले, सान्वीला याचं हेल्मेट दिसलं की टाळी वाजवायला शिकवलं, आणि वेळेला हा माणूस असा!

रागात माणसाला सुचतं म्हणतात. मिनलला सुचलं.

तिनं कारखान्यातून लग्नात मिळालेले दोन टोप काढले. एकाच मापाचे, एकाच चमकीचे. उजव्या शेगडीवर देवीचा, डाव्या शेगडीवर आपला. गॅसवरचा अळू दोन्हीत सारखा वाटून घातला, डाळ सारखी, आमसुलं सात-सात, शेंगदाणेसुद्धा मोजून चाळीस-चाळीस. डाव्यातलं चाखायचं, कमी असेल ते दोन्हीत टाकायचं. देवीचा टोप सोवळ्यात आणि मिनलची जीभ कामावर! पाच वेळा चाखून तिनं भाजी अशी जमवली, की हा प्रकार अजून कुणालाच कसा सुचला नाही, याचं तिला वाईट वाटलं.

मग ती दहा मिनिटं साडी नेसायला गेली.

परत आली तर शेगडीवर चहा उकळत होता. शेजारी तिचा नवरा दिपेश गाळणी घेऊन उभा. दोन्ही टोप खाली लादीवर.

"अहो, यातला उजवा कुठला?"

दिपेशनं वाकून पाहिलं. "हा बघ, हा उजवा."

"आता उजवा नाही हो! शेगडीवर उजवा होता तो!"

"अगं, दोन्ही एकदमच उचलले. सेम भाजी आहे ना?"

"सेम नाही! एक उष्टी आहे!"

"मग चाखून बघ," दिपेश म्हणाला.

मिनलनं कपाळावर हात मारून घेतला. चव दोन्हीची एकच, ती तिनंच मोजून एक केलेली! आणि चाखली की जी राहिली होती तीही उष्टी! तिनं भाजीवाल्याला फोन लावला. "भैया, अळू है क्या?" "अरे भाभी, आज के दिन? सुबह सात बजे ही खतम."

तेवढ्यात सरूबाई आत आल्या. "आरतीची वेळ झाली. दोन टोप कशाला गो?"

"एक... शेजारी द्यायला, आई."

"आजी!" सान्वी आनंदानं ओरडली. "एक देवीची भाजी आहे आणि एक मम्मीची उष्टी! पप्पांनी मिक्स केली!"

दिपेशनं चहा गाळायला घेतला. (बायको बुडत असताना चहा गाळणारा माणूस मिनलनं त्या दिवशी प्रथम पाहिला.)

सरूबाईंनी दोन्ही टोपांत वाकून पाहिलं. गौर विरारच्या गाडीत बसलीच म्हणून मिनलनं डोळे मिटले.

"दोन्ही बाजूला ठेव," शेवटी सरूबाई म्हणाल्या. "ती पाहुण्यांना. आणि डोळे उघड. देवी भावाची भुकेली, दूधसाखर ठेवू. दिपेश, बाळा, दूध तापव."

दिपेशनं जन्मात पहिल्यांदा दूध तापवलं. ते अर्थातच उतू गेलं.

"उतू गेलं? शुभ असतं हो!" सरूबाई म्हणाल्या. (मिनलच्या हातून गेल्या आठवड्यात उतू गेलं, तेव्हा ते नुकसान होतं.)

आरती झाली, पानं मांडली. अळूची भाजी चौदाही पाहुण्यांनी दोन-दोनदा मागून घेतली. एकाचाही घसा खाजला नाही. दोन्ही टोप चाटूनपुसून रिकामे. मिनल दारात उभी राहून कौतुकाची वाट बघत होती.

हात धुऊन सरूबाईंनी डाव्या हातानं विरारला फोन लावला.

"नेहा, ऐक गो. गौर इथंच राहणार. यंदाचा नैवेद्य माझ्या दिपेशनं केला! होय, एकट्यानं!"

पलीकडून काहीतरी विचारलं गेलं असावं.

"मिनल?" सरूबाईंनी सुनेकडे प्रेमानं पाहिलं. "ती होती ना. साडी नेसून उभी होती."