बावन्न दिवसांचा उशीर

माझं शिक्षण चौथीपर्यंत. शुद्धलेखन चुकेल, अक्षरही वाईट आहे. वही माझ्यापुरतीच आहे, तरी कुणी वाचलीच तर माफ करा.

इथे अमेरिकेत शॉमबर्गला मी मुलाकडे असते. आमच्या बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर वकीलबाई लेकीकडे राहतात. नागपूरच्या कोर्टात तीस वर्षं वकिली केलेली. त्यांच्याकडे उशिरा जाणाऱ्याला दारातच कारण द्यावं लागतं. हळदीकुंकवाला माझी सून शिल्पा चाळीस मिनिटं उशिरा पोचली.

"ऑफिसहून येताना हायवेला ट्रॅफिक होतं, काकू."

"ती वीस मिनिटं झाली. उरलेली वीस?"

"ब्लाउज सापडत नव्हता."

"मग ठीक. माफ."

शिल्पा खो खो हसली. मी असं विचारलं असतं तर आठवडाभर फुगून बसली असती. नातू माझ्याशी इंग्लिश बोलतो, वकीलबाईंशी मराठी. माझा नुसता जळफळाट होई.

पण अडले ती त्यांच्याचपाशी. गावच्या घरातल्या माझ्या हिश्श्याचा दावा मी हरले. दिराने सगळं घर घेतलं. अपिलाला तीस दिवस होते. मुलाला ताप नको म्हणून मी कागद बॅगेत दडवले आणि मुदतीवर बावन्न दिवस गेले.

"कोर्ट उशीर माफ करतं," वकीलबाई म्हणाल्या, "पण एकेका दिवसाचं कारण मागतं. सांगा."

मी सांगत गेले. सर्दी, नातवाच्या कांजिण्या, बर्फ.

"सतरावा दिवस?"

"रडत होते."

"का?"

"घरात सगळ्यांना तुम्हीच हव्या असता म्हणून."

त्यांनी चष्मा काढून पुसला आणि लिहिलं, 'प्रकृती बरी नव्हती.'

कोर्टाने उशीर माफ केला, अपील दाखल करून घेतलं. मात्र दिराला खर्चापोटी दहा हजार रुपये द्या म्हणून सांगितलं. ते बाईंनी मला न विचारता आपल्या नागपूरच्या भाच्याकरवी भरून टाकले. मला आणखीच झोंबलं. आता यांचे उपकारही घ्यायचे?

हातखर्चातले पाच डॉलर मी दर शनिवारी नेऊन देऊ लागले. त्यांचे लेक-जावई बाहेर गेलेले असत. टेबलावर दोन कप मांडलेले, चिवडा काढलेला. मी उठायला लागले की बाई एखादी जुनी केस सुरू करत. ती संपेपर्यंत दुसरा चहा होई.

तेविसाव्या शनिवारी शेवटची नोट ठेवली. "एकशे पंधरा झाले, बाई."

त्यांनी नोट बराच वेळ हातात धरली.

"एवढी घाई काय होती? दोन-दोन डॉलर दिले असते तरी चाललं असतं."

वाटलं, नोट परत मागून घ्यावी. पण पैसे पुरते फिटले होते.