दॉन तेओफिलोच्या पाण्याची पातळी

खोटे रडू खऱ्या घरात अधिक खरे वाटते, हे मालिकावाल्यांनी आता निर्विवाद सिद्ध केले आहे. म्हणूनच बोगोताच्या स्टुडिओतला तयार दिवाणखाना सोडून चौसष्ट माणसे आणि एक जनरेटर माग्दालेना नदीकाठी एदिल्साच्या दारात येऊन उभे राहिले. कथेतल्या नायिकेचा बाप वारला होता. एदिल्साचाही, दॉन तेओफिलो, पाच दिवसांपूर्वी वारला होता. असा योग स्टुडिओत जुळून येत नाही.

घर अगदी अस्सल होते. त्यातल्या एकतीस वस्तूंपैकी सत्तावीस अस्सल वाटत नव्हत्या, त्या अंगणात काढून ठेवल्या. हिरवी भिंत दुःखी दिसेना, तिला राखाडी रंग दिला. शेजारी दुखवट्याला बसून डॉमिनो खेळत, कॉफी पीत आणि हसत (नऊही दिवस तशी रीतच आहे). ते फार अवास्तव दिसल्याने बोगोताहून शेजारी मागवण्यात आले.

हात लावला नाही तो फक्त मयतासाठी मांडलेल्या वेदीला. पांढरी चादर, काळ्या फिती आणि दॉन तेओफिलोसाठी पाण्याचा पेला. गेलेला माणूस नऊ दिवस ते पाणी पितो, पातळी उतरत जाते, नवव्या संध्याकाळी वेदी उतरवतात आणि तो मार्गाला लागतो.

येथे सातत्याचा प्रश्न उद्भवला. ते पाहणारी यामिले ही मोठी कर्तव्यदक्ष मुलगी. एका दृश्यातले पाणी पुढच्या दृश्यात कमी दिसू नये म्हणून तिने पेल्यावर रेघ मारली आणि रोज सकाळी रेघेपर्यंत पाणी भरू लागली. नववी संध्याकाळ आली, पण पत्र्यावरच्या पावसात नायिकेचे रडणे ऐकू येईना. दृश्य पुरे होईतो वेदी हलवू नये, असा लेखी आदेश निघाला. (मयताला प्रत देण्याची तरतूद नव्हती.)

"अगं पोरी," प्रार्थना सांगणारी फेलिसियाना मावशी यामिलेला म्हणाली, "तो पितोय आणि तू भरतेयस. संपायचं कधी, निघायचं कधी त्यानं?"

"मावशी, उद्याचा एकच दिवस."

"अर्धा पेला टाकून उठणारा माणूस नव्हता तो."

"तेव्हा पेल्यात पाणी नसायचं," खिडकीतून एक खरा शेजारी म्हणाला.

एदिल्साला नऊ-दहा दिवसांत प्रथमच हसू आले. ते प्रसंगाशी विसंगत असल्याने तिलाही अंगणात, सत्तावीस वस्तूंशेजारी बसवण्यात आले.

चौदाव्या दिवशी पाऊस थांबला. "झालं, उतरवा वेदी," दिग्दर्शक म्हणाला.

"काल डावी फीत गाठीच्या वर होती," अंगणातून एदिल्सा म्हणाली.

यामिलेने फोटो पाहिला. खरेच होती. (सकाळी वेदीपाशी कोण एकटे बसले होते, याची चौकशी झाली नाही.) दृश्य पुन्हा घेतले. पंधराव्या दिवशी मेणबत्ती आखूड निघाली, सोळाव्या दिवशी फुले. एका सामान्य प्रेक्षकाची नजर इतकी तयार असू शकते, याचे युनिटला कौतुक वाटले.

सतराव्या दिवशी फेलिसियाना मावशी सत्तावीस वस्तूंमध्ये जागा करून तिच्याजवळ बसली.

"आज काय चुकलंय, बाळा?"

एदिल्साने वेदीकडे पाहिले.

"आज सगळं बरोबर आहे, मावशी."

फिती तिनेच सोडल्या. मृतास मिळालेली एकूण मुदतवाढ आठ दिवस.

मालिका हल्ली आपल्याकडेही दाखवतात. हे दृश्य चव्वेचाळिसाव्या भागात आहे, अकरा सेकंदांचे. त्यात पेला स्वच्छ दिसतो, रेघेपर्यंत भरलेला. तुम्ही पाहिला नसेल. तेवढ्यात तुम्ही पाणी प्यायला उठला होतात.