सात महिन्यांचा शुक्रवार

खडकीमळ्याच्या माध्यमिक विद्यालयाचे मुख्याध्यापक रंगनाथ गुंजाळ यांनी आयुष्यात कागदावर कधी खोटं लिहिलं नव्हतं. बुधवारी दुपारी त्यांच्या टेबलावर जे पत्र येऊन पडलं, त्यातली खरी अडचण हीच होती. शनिवारी सकाळी अकराला तपासणी पथक येणार होतं, आणि जूनपासून घेतलेल्या सहशालेय उपक्रमांची नोंदवही फोटोंसकट पाहणार होतं.

नोंदवही होती की! सरांच्या वळणदार अक्षरात दर महिन्याला इमानेइतबारे भरलेली होती. 'जून : वेळ नाही. जुलै : वेळ नाही. ऑगस्ट : वेळ नाही, भूमितीचे जादा तास घेतले.' सप्टेंबर ते डिसेंबर नुसतंच 'वरीलप्रमाणे'. नऊ वर्षं दहावीचा निकाल शंभर टक्के लागत होता, तो काय उगाच? त्यासाठी सरांनी खेळाचा तास गणिताला, चित्रकलेचा विज्ञानाला आणि गायनाचा पुन्हा गणिताला दिला होता. लेझीम, ढोल, मैदान आखायची दोरी, सगळं एका लोखंडी कपाटात बंद होतं आणि कपाटाची किल्ली सरांच्या खिशात असे.

पत्राच्या तळाशी आणखी एक ओळ होती. ज्या शाळेची श्रेणी 'ड' येईल, तिचे नववी-दहावीचे वर्ग जवळच्या मोठ्या शाळेला जोडले जातील. जवळची मोठी शाळा म्हणजे काष्टी. मुलगे सायकली काढून गेले असते. पण नववी-दहावीत मिळून तेवीस मुली होत्या. गेल्याच पालकसभेत आसाराम काकडे उभा राहून म्हणाला होता, "शाळा गावात हाय तवर माजी निकिता शिकंल. काष्टीला धाडायची न्हाई. आन शाळंत बी निस्तं शिकायचं, खेळाय धाडत न्हाई आमी पोरी." तेव्हा सगळ्या सभेनं माना डोलावल्या होत्या. त्या डोललेल्या माना सरांना आठवल्या.

त्यांनी मेहताब मॅडमना बोलावलं. मेहताब मॅडम कागदोपत्री क्रीडा आणि चित्रकला शिक्षिका. प्रत्यक्षात नऊ वर्षं गणिताचे पेपर तपासत होत्या. त्यांनी पत्र दोनदा वाचलं.

"सर, मग करू या ना उपक्रम."

"जूनचे?"

"जूनचे, जुलैचे, सगळे. शुक्रवारी."

सर दोन तास विचार करत बसले. मग गंभीरपणे म्हणाले, "उपक्रम खरोखर करायचे. फोटोखाली तारीख घालायची नाही. तारीख लिहिली नाही, म्हणजे खोटं लिहिलं नाही."

"आणि त्यांनी विचारलं तर?"

"विचारलं तर बघू."

दाराशी उभा असलेला शिपाई भिमाजी हिशेब करत होता. "म्हंजी सर, सात म्हयने एका दिसात? मग जेवायची सुट्टी कवा?"

"मध्ये दिवाळीची सुट्टी आहे," सर म्हणाले. "दहा मिनिटं."

शुक्रवारी सकाळी सात वाजता मैदानावर जून महिना सुरू झाला. जानेवारीची थंडी अशी की हाताची बोटं वळत नव्हती. मैदानाच्या मागेच आसारामचा ऊस होता आणि नेमकी त्याच दिवशी त्याला कारखान्याची तोड आली होती. तोडणी टोळीच्या कोयत्यांचा आवाज वर्गात आला असता तर सरांनी कटकट केली असती, पण आज वर्ग भरायचाच नव्हता. फोटोला मागं हिरवं काहीतरी बरं दिसतं, असा मात्र विचार त्यांनी केला.

"स्वेटर काढा," सरांनी फर्मावलं. "योग दिन आहे. जून आहे."

मुलांनी स्वेटर काढले आणि वृक्षासनात उभी राहिली. सगळा वृक्ष लटलट कापत होता.

"सर, पोरं थरथरत्यात," भिमाजी हळूच म्हणाला. "फोटू हालंल."

साडेआठला जुलै लागला. तोवर ऊन चांगलं वर आलं होतं. वृक्षारोपणाला पाऊस हवा म्हणून भिमाजी पाण्याची नळी घेऊन शाळेच्या पत्र्यावर चढला, आणि खाली नववीच्या मुली छत्र्या उघडून कडुलिंबाच्या रोपाभोवती गोल उभ्या राहिल्या. ते दृश्य बघून आसाराम उसाची तोड तशीच टाकून बांधावरून पळत आला.

"अहो सर, कोरड्या उन्हात पोरींच्या हातात छत्र्या? याड लागलं का काय?"

"पावसाळा आहे, आसाराम," सर म्हणाले. काटकोन नव्वद अंशांचा असतो, हे ते ज्या आवाजात सांगत त्याच आवाजात म्हणाले, त्यामुळे आसारामनं एकदा आभाळाकडे बघून घेतलं. "आणि आलाच आहात, तर आता प्रमुख पाहुणे व्हा."

ही गोष्ट सरांच्या ध्यानातून निसटली होती. प्रमुख पाहुण्यांशिवाय कुठल्याही शाळेत कुठलाही कार्यक्रम झालेला नाही, आणि शाल-श्रीफळाशिवाय कुणी प्रमुख पाहुणा होत नाही. शाळेत शाल एक होती आणि नारळही एकच. आसारामचा सत्कार झाला, फोटो निघाला, आणि भिमाजीनं पुढच्या महिन्यासाठी नारळ परत मागून घेतला. ऑगस्टमध्ये मुलींनी अर्ध्या तासापूर्वी लावलेल्या रोपाला राख्या बांधल्या, तेव्हा आसाराम फेटा बांधून पाहुणा झाला. सप्टेंबरात सरांचा कोट घालून झाला. ऑक्टोबरात त्याला चष्मा लावला, कारण वाचनाचा कार्यक्रम होता.

पहिल्या सत्काराला तो बुजला होता. तिसऱ्याला नारळ कोणत्या हातात धरायचा हे तोच भिमाजीला सांगू लागला. आणि बालदिनाला त्यानं सरळ माईक हातात घेतला. "आता मी दोन शबुद बोलतो," म्हणाला, आणि वीस मिनिटं बोलला. लहानपणी आपण लेझीम कशी खेळायचो, यात्रेत कसं पहिलं बक्षीस मारलं, आणि मग ते सगळं कसं सुटलं, हे सांगताना गडी गहिवरला. निकितानं आपल्या बापाला असं कधी पाहिलं नव्हतं. ती तोंडावर ओढणी धरून एकटक बघत राहिली.

"पुरे," सर घड्याळ बघत म्हणाले. "नोव्हेंबर संपत आला."

पण आसारामनं लेझीमचं एवढं सांगून ठेवलं होतं, त्यामुळे मुलांना लेझीम हवी होती. सरांनी किल्ली मेहताब मॅडमकडे दिली. नऊ वर्षांनी कपाट उघडलं. आणि तिथून पुढं दिवस सरांच्या हातात राहिला नाही. लेझीम सुरू झाली ती थांबेना. "इकडं बघा रे! एक फोटो!" मेहताब मॅडम मोबाईल धरून ओरडत होत्या, आणि एक पोर त्यांच्याकडं बघायला तयार नव्हतं. चौथ्या फोटोत आसारामही लेझीम घेऊन घुसला होता. सर चिडले, घंटा द्यायला सांगितली. घंटा कुणी ऐकली नाही, कारण भिमाजी ढोल वाजवत होता.

डिसेंबर उजाडायला दुपारचे दोन वाजले. क्रीडा महोत्सव होता. खो-खोचं मैदान आखायचं होतं आणि कोपरे काही केल्या सरळ येत नव्हते. दोनदा चुना टाकला, दोनदा मैदान तिरकं आलं. सर त्रासून पुढं होणार एवढ्यात निकिता म्हणाली, "थांबा. दोरीला गाठी मारा, सारख्या अंतरावर. हिकडं तीन, तिकडं चार. आता तिरकी पाच भरली का बघा. भरली? मग कोपरा काटकोनातच येनार."

कोपरा काटकोनात आला. पोरांनी "हो!" केलं.

सर जागच्या जागी थांबले. ही निकिता काकडे. सहामाहीत भूमितीत चाळीसपैकी अकरा गुण. तीन महिने तिला फळ्यापाशी उभी करून पायथागोरसचा सिद्धांत विचारला होता आणि तीन महिने ती फळ्याच्या चौकटीकडे बघत उभी राहिली होती.

"हे तुला कुणी सांगितलं?" सरांनी विचारलं.

"तुमीच की, सर."

"मग वर्गात का नाही जमत?"

निकितानं मान खाली घातली. "वर्गात दोरी नसती."

सरांना फार वाईट वाटलं. नऊ वर्षांचे शंभर टक्के त्या एका वाक्यानं त्यांच्या डोळ्यांसमोर उतरले. "पुन्हा करून दाखव," ते म्हणाले, आणि दोरीचं दुसरं टोक त्यांनी स्वतः धरलं. तेवढ्यात मेहताब मॅडमनी फोटो काढला.

शनिवारी पथक आलं. पथकाचे प्रमुख अमृत वाबळे हे श्रीगोंद्याकडचे, मितभाषी, बसताना खुर्ची आधी हलवून बघणारे गृहस्थ. रात्रीतून काष्टीच्या स्टुडिओतून आलेले फोटो मेहताब मॅडमनी सुबक चिकटवले होते. नोंदवही सरांनी मागं ठेवली होती. साहेबांनी अल्बमचं एकेक पान उलटलं. सरांच्या शर्टाची पाठ भिजली.

"हे कोण? सत्कार पाच वेळा झालाय."

"आमचे पालक आहेत."

"हं." साहेब पुन्हा पहिल्या पानावर गेले. चष्मा काढून फोटो डोळ्यांजवळ धरला. "गुंजाळ सर, योग दिन कधी असतो?"

"एकवीस जून."

"एकवीस जूनला उसाला तुरा?"

सरांना कळेना. त्यांना गणित येत होतं.

"तुरा येतो थंडीत," साहेब शांतपणे म्हणाले. "माझाही चार एकर आहे. बरं, योग दिनाला ऊस पूर्ण उभा. वृक्षारोपणाला थोडा तुटलाय. बालदिनाला निम्मा. आणि या खो-खोच्या फोटोत मोकळं रान, मागं भरलेला ट्रॅक्टर उभा. कोणता कारखाना पावसाळ्यात गाळप करतो, सर?"

दाराशी भिमाजीनं हळूच टोपी काढली. एक खोटं वाक्य बोलून सुटता आलं असतं. सरांना ते वाक्य सापडलंही होतं, पण जिभेवर येईना.

"काल," ते म्हणाले. "हे सगळं काल झालं."

"सगळं?"

"दिवाळीच्या सुट्टीसकट."

मग त्यांनी मागची नोंदवही काढून पुढं ठेवली. 'वेळ नाही. वेळ नाही. वरीलप्रमाणे.' साहेबांनी ती शेवटपर्यंत वाचली.

"चूक माझी आहे," सर म्हणाले. "माझ्यावर काय शेरा मारायचा तो मारा. मी मे महिन्यात निवृत्त होतोय, मला फरक पडत नाही. पण वर्ग हलवू नका. तेवीस मुली आहेत, साहेब. एकसुद्धा काष्टीला जाणार नाही. त्यांचं शिक्षण संपेल."

साहेब पुन्हा अल्बम चाळू लागले. दोरी धरलेल्या फोटोपाशी थांबले. गुडघ्यावर बसलेली निकिता, आणि दुसऱ्या टोकाला उघड्या तोंडानं तिच्याकडं बघणारे मुख्याध्यापक.

"या आठवड्यात सहा शाळा पाहिल्या," ते म्हणाले. "सगळ्यांचे अल्बम असेच एका दिवसात झालेले. फोटोत पोरं रांगेत उभी, सगळी कॅमेऱ्याकडं बघतायत. तुमच्या फोटोत दुपारनंतर एकही पोरगं कॅमेऱ्याकडं बघत नाही. तुम्हीसुद्धा नाही." त्यांनी अल्बम मिटला. "आज श्रेणी लिहीत नाही. महिन्याभरात येईन. सांगून येणार नाही. आणि उसाआड लपायला आता ऊसही राहिला नाही."

सोमवारी सरांनी किल्ली परत मागायची ठरवलं होतं. मेहताब मॅडम मैदानावर होत्या, म्हणून ती मागायला ते मैदानावर गेले. तिथं दहावीची मुलं सावल्या मोजून ध्वजस्तंभाची उंची काढत होती आणि उत्तर चुकीचं येत होतं. सरांच्यानं राहवलं नाही. दुसऱ्या दिवशी पोरांनीच बोलावलं. त्यानंतरच्या आठवड्यात आसाराम संध्याकाळी लेझीम शिकवायला येऊ लागला, नारळाशिवाय. किल्लीचं काय झालं ते सरांना आठवेना.

महिना कसा गेला कळलं नाही. जानेवारीच्या शेवटच्या गुरुवारी संध्याकाळी सर घामेजलेले, पायाला चुना लागलेला, असे कचेरीत आले. भिमाजी स्टूल घेऊन बसला होता.

"सर, दुपारी सायब येऊन गेले. ते वाबळे सायब."

"अरे, मग मला बोलवायचं नाही का?"

"आल्तो की बोलवाय. तुमी म्हनलात, आता येळ न्हाई, डाव रंगात हाय. मी सायबाला तसंच सांगितलं. ते खिडकीत हुबं राहिले, लई येळ. मंग नोंदवही मागितली."

नोंदवही! नऊ वर्षांत पहिल्यांदा ते महिन्याची नोंद करायला विसरले होते. घाईघाईनं त्यांनी पान उघडलं. पान कोरं नव्हतं. निळ्या शाईत, परक्या अक्षरात एकच ओळ होती.

'जानेवारी : मुख्याध्यापकांना वेळ नाही. श्रेणी अ.'