बाळकाकांचं अडलेलं वाक्य

भर दुखवट्यात रडणाऱ्या बाईला "परत म्हण जरा" असं सांगणारा माणूस तुम्ही पाहिला नसेल. मी पाहिलाय. माझे सख्खे काका आहेत. आणि त्या वेळी मी त्यांच्या शेजारीच बसले होते.

बाळकाका सांगलीत राहून स्पॅनिश आणि पोर्तुगीज कादंबऱ्यांचे मराठी अनुवाद करतात. हे कुणाला सांगताना मी जरा चाचरते, कारण पुढचा प्रश्न ठरलेला: "बरं, पण करतात काय?"

तरुणपणी बँकेनं त्यांची मडगावला बदली केली. तिथली म्हातारी घरमालकीण पोर्तुगीजमध्ये रागवायची. आपल्याला नेमकं काय बोलतेय ते कळावं म्हणून काका ती भाषा शिकले. स्पॅनिश मागाहून आली. "थोरलीला बघायला जावं आणि धाकटीही मनात भरावी, तसं झालं," असं ते चारचौघांत सांगतात. शालनकाकू समोर असायची तेव्हाही सांगायचे.

पोर्तुगीजमधले काही उच्चार नाकातून येतात. सकाळी गॅलरीत उभं राहून काका त्यांची उजळणी करतात. खालच्या मजल्यावरच्या मुल्लाचाची त्यांना सर्दी झाली समजून काढा पाठवतात. काका तो पितात.

लग्नात ते आपलीच पुस्तकं आहेर म्हणून देतात. माझ्या धाकट्या बहिणीला दिलेल्या कादंबरीतली नायिका नवऱ्याला टाकून खलाशाबरोबर पळून जाते. बहिणीच्या सासूबाईंनी ती वाचली. वर मला फोन करून विचारलं, "हे तुमच्याकडं चालतं का?"

पण खरी पंचाईत शब्दांची. पुस्तकी मराठीचा त्यांना तिटकारा. माणूस खरंच कसा बोलतो, ते त्यांना हवं असतं. एकदा एसटीत दोन बायकांचं भांडण रंगात आलं, म्हणून कराडला उतरायचं सोडून ते उंब्रजपर्यंत गेले. स्टँडवर एकीला म्हणाले, "ताई, मघाची ती शिवी परत द्या ना." तिनं दिली. या वेळी त्यांना.

एका पोर्तुगीज कादंबरीत मात्र ते कित्येक वर्षं अडून बसले होते. त्यात एका म्हाताऱ्याची बायको जाते आणि तो तिच्या उशाशी बसून एकच वाक्य बोलतो. साधं वाक्य. "मराठीत आणलं की भाषणासारखं वाटतं गं," काका म्हणायचे. पुढची सगळी पानं झाली होती. ते वाक्य तेवढं कोरं.

अशात तासगावचे दाजी गेले. दाजी म्हणजे काकांच्या चुलत बहिणीचे, आक्कांचे यजमान. काकांना स्कूटरवर घेऊन मी भेटायला गेले. घर माणसांनी भरलेलं. आक्का भिंतीला टेकून रडत होत्या, "मला इचारल्याबिगर उंबऱ्याभाईर पाय टाकला न्हाई, आन आज कसं ओ निगालासा?"

काका पुढं सरकले. "आक्का, 'निगालासा' म्हणालीस ना? परत म्हण जरा."

आक्कांच्या मुलाचा, सुरेशदादाचा चेहरा लाल झाला. "काका, ही काय शाळा हाय व्हय? माणूस गेलंय आमचं!"

कुणीतरी हळूच म्हणालं, "वेडं हाय ते." मी काकांचा दंड धरून त्यांना बाहेर काढलं. चपलांच्या ढिगात माझी चप्पल सापडेना आणि सगळे आमच्याकडंच बघत होते.

सांगलीत घरापाशी उतरल्यावर काका म्हणाले, "मला लाज वाटते गं माझी." त्यानंतर त्यांनी बाहेर पडणंच सोडलं. सकाळचे उच्चारही बंद झाले. मुल्लाचाचींनी जिन्यात मला विचारलं, "बरे झाले का ते?"

दिवसकार्य उरकल्यावर आक्कांचा फोन आला. "बाळूला घिऊन ये."

काका यायला तयार नव्हते. मी जवळजवळ ओढूनच नेलं. आक्का मागच्या दारी सूप घेऊन बेदाणे निवडत बसल्या होत्या. काकांनी हात जोडले. "आक्का, माझं चुकलं."

"बस खाली," आक्का म्हणाल्या. "त्या दिवशी समदी मला म्हनत हुती, गप ऱ्हा, गप ऱ्हा. तू येकटाच म्हनलास, परत म्हन." मग त्या दाजींविषयी बोलत राहिल्या. दाजींचं घोरणं, चहात बिस्कीट पडलं की रुसणं, असलं काहीबाही. काका ऐकत होते. एकदाही मध्ये बोलले नाहीत.

मधेच आक्कांनी विचारलं, "शालन गेली तवा तू काय म्हनलास रं?"

काका सुपातला एक बेदाणा उचलून बोटांत फिरवत राहिले.

"डॉक्टर बाहेर येऊन म्हणाले, सॉरी. मी त्यांना 'थँक्यू' म्हणालो." त्यांनी बेदाणा परत सुपात टाकला. "तेवढंच. आत गेलो, तिच्याजवळ बसलो, एक शब्द आला नाही. कादंबऱ्यांतल्या परक्या देशांतल्या किती नवऱ्यांकडून त्यांच्या बायकांसाठी काय काय वदवून घेतलं मी. आणि आपल्या माणसाला काहीच नाही. तोंड दाखवायची लाज वाटते मला तिच्या फोटोला."

आक्कांनी सूप बाजूला ठेवलं. "मग आता म्हन की. मी हाय हितं."

मला तिथं बसवेना. मी उठले. वळून पाहिलं तर काकांचे ओठ हलत होते, आवाज येत नव्हता. मी दारातून आत जाताना तो आला.

"शालन," ते म्हणाले, "मला जेवण जात नाही गं."

आक्का म्हणाल्या, "व्हय रं बाळू. व्हय."