समोरच्या बाजूचं रक्त

मनाचे आजार रक्तातून येतात की संगोपनातून, यावर जगभरातले विद्वान वर्षानुवर्षं डोकं खाजवत आहेत. थोडं इकडून, थोडं तिकडून, असं ते हल्ली म्हणतात म्हणे. बिचारे! एकदा बोरीवलीला आमच्या घरी आले असते, तर एवढा त्रास वाचला असता. आमच्याकडे हा प्रश्न केव्हाच सुटलाय. आजार समोरच्या बाजूने येतो.

निमित्त माझ्या दादाचं. सिद्धेशदादा इंजिनीअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. गणपतीनंतर त्याला कॉलेजच्या वाटेवर धाप लागायला लागली. हात गार, छातीत धडधड, आणि रिक्षा अर्ध्या रस्त्यातून परत. मग तो खोलीबाहेरच येईना. शेवटी एका रविवारी हॉलमध्ये येऊन म्हणाला, "मला मानसोपचारवाल्या डॉक्टरांकडे जायचंय. एकट्याला नाही जमणार. कुणीतरी चला ना."

मागणी साधी होती, त्यामुळे ती लगेच मान्य होणं शक्यच नव्हतं. आधी कारणनिश्चिती आवश्यक होती. त्यासाठी बाबांकडून मुलुंडची मथुराआत्या आणि आईकडून घाटकोपरचा नंदूमामा अशी उच्चस्तरीय समिती कोंबडी-वड्यांसह बसली. (दादाला बोलावलं नव्हतं. तो असता तर चर्चा विषयावर आली असती.)

"आमच्यात असलां काय एक नाय हां," आत्याने कामकाज सुरू केलं. "ह्यां हिच्या म्हायेरचां."

"ओ मथुराताई, पोरगा वाढला कुणाच्या घरात?" मामा म्हणाला. "दाजीच सांगायचे ना त्याला, नापास झालास तर तोंड दाखवू नकोस? आता नाही दाखवत, तर तक्रार!"

बाबांनी वडा मोडला आणि तसाच ताटात ठेवला.

इथला शास्त्रीय नियम नीट समजून घ्या. दादाला दहावीला चौऱ्याण्णव टक्के पडले, तेव्हा आत्या म्हणाली होती, रक्त आमचं. मामा म्हणाला होता, अभ्यास आमच्या अक्काने घेतला. म्हणजे आत्या कायम रक्तवादी, मामा कायम संस्कारवादी. तत्त्वाला दोघंही पक्के. फक्त रक्ताचा आणि संस्कारांचा मालक बदलतो.

मग दोन्हीकडचा इतिहास तपासण्यात आला. तो झकास स्वच्छ निघाला. आजोबा अख्खं वर्ष कुणाशी बोलले नव्हते (चिंतनशील होते). रत्नप्रभामावशी निघताना गॅस इतक्यांदा तपासते की लग्नाला पोचेपर्यंत अक्षता संपतात (नीटनेटकी आहे). मार्तंडकाका आरे कॉलनीत चालत गेले ते दोन दिवसांनी सापडले (निसर्गाची आवड). शिवाय आत्याच्या मुलीला, नेत्राला, स्थळं बघणं चालू होतं, त्यामुळे इतिहास आणखी एकदा पुसून घेतला.

डॉक्टरांसमोर आपली बाजू अडकू नये, म्हणून शेवटी सगळेच गेले. दादाने कुणीतरी मागितलं होतं, त्याला पाच जण मिळाले.

डॉक्टर गंधाली यांच्याकडे खुर्च्या कमी पडल्या. त्यांनी विचारलं, "घरात याआधी कुणाला असा त्रास?"

"नाही!" आमच्या कुटुंबाच्या इतिहासातलं हे पहिलं एकमत.

दादा चपलांकडे बघत होता. "म्हणजे मी पहिलाच," तो म्हणाला. अगदी हळू.

मग बाबांनी, वर्गात करतात तसं, बोट वर केलं.

"मला होतं. छातीत. ऑफिसच्या जिन्यात. खूप वर्षं."

"अरे, नेत्राक स्थळां बघतंव मां!" आत्या किंचाळली.

"ठरली ना बाजू!" मामाने मांडीवर थाप मारली.

"गप रे नंद्या," आई म्हणाली. "लिफ्टमध्ये तुझा हात कोण धरतं?"

दादा हसला. गणपतीनंतर पहिल्यांदा. डॉक्टरांनी त्याला आणि बाबांना ठेवून बाकी सगळ्यांना बाहेर काढलं.

आता दर शनिवारी बाबा दादाच्या 'सोबतीला' जातात. (आधी दादा आत जातो, मग सोबत आत जाते.) आत्याने नेत्राच्या स्थळाला कळवलंय की मुलीच्या मामाला, म्हणजे आमच्या बाबांना, खूप विचार करायची सवय आहे.

असो. आमची वाट लागलेली वाचून तुम्ही हसलात, छान वाटलं. वाचता वाचता तुमच्याही नात्यातलं कुणीतरी डोळ्यांसमोर आलंच असेल.

समोरच्या बाजूचं, ना?