मोघे काकांची नदी

हॉटेलात जेवण झालं की मोघे काका टेबलावरचे सगळ्यांचे उरलेले पाण्याचे ग्लास रिकामे करायचे आणि मगच उठायचे. घरच्यांचे, पाहुण्यांचे, कुणाचेही. ज्या माणसानं जन्मात कुणाचं उष्टं खाल्लं नाही, तो माझ्या बॉसच्या ग्लासातला बर्फसुद्धा चघळून संपवत होता. मेधा, म्हणजे माझी बायको, टेबलाखालून मला पाय मारत राहिली. मी तरी काय करणार?

ही २००४-०५च्या आसपासची गोष्ट. अमेरिकेत, ॲरिझोनातल्या फिनिक्सजवळ आमच्यापासून दोन घरं सोडून काका मुलाकडे राहायचे. उभी नोकरी पाटबंधारे खात्यात झालेली. खात्यानं त्यांना रिटायर केलं, पण त्यांनी खात्याला केलं नाही. तांदूळ धुतलेलं पाणी कढीपत्त्याला घालायचं, हे आपल्याकडे बायका करतातच. काका मात्र दुसऱ्यांच्या लॉनवरही नजर ठेवून असायचे. एकदा सकाळी पाहतो तर माझ्या स्प्रिंकलरच्या टायमरपाशी ओणवे.

"काका, काय करताय?"

"तुला आठवड्यातून पाण्याचं एकच आवर्तन. रोज कशाला? ऊस लावलायस का इथं?"

"अहो, गवत पिवळं पडलं तर सोसायटीवाले नोटीस पाठवतात."

"पाठवू देत. खाली माणसं आहेत."

हे त्यांचं पालुपद. म्हणजे नदीच्या खालच्या अंगाला. "तुझ्या नळाला येते ती कोलोरॅडो. शेकडो मैलांवरून पंपानं चढवून, वाळवंटातून कालव्यानं आणलीय. आणि तू ती गवताला पाजतोस." शेजारच्या अमेरिकन बाईंनाही त्यांनी हेच ऐकवलं, "मॅडम, पीपल आर बिलो." बाई बिचाऱ्या स्वतःच्या पायांखाली बघत राहिल्या.

काकू गेल्यापासून म्हातारा जरा जास्तच चक्रम झालाय, असं आम्ही सगळे म्हणायचो. म्हणताना हसायचोही.

एका लाँग वीकेंडला आम्ही सॅन दिएगोला, समुद्रावर निघालो. काका एरवी समुद्राचं नाव काढलं की टाळायचे, पण मुलगा क्लायंटकडे गेलेला, सून मुलांना घेऊन बाहेरगावी, आणि घरी एकट्यानं राहवेना, म्हणून आले. वाटेत नदीकाठचं युमा गाव आलं तसे म्हणाले, "गाडी घे बाजूला. नदी बघू."

पुलाखाली एक बारीकशी धार होती आणि दोन्ही काठांना वाळलेलं लव्हाळं.

"काका, हीच ती कोलोरॅडो?" मेधानं विचारलं. "एवढीशी?"

"वरच्या बंधाऱ्यावर काढून घेतात. उरते ती पलीकडे मेक्सिकोवाले शेतीला घेतात. त्यांचंही चूक नाही, त्यांना तेवढीच मिळते. पण समुद्राला काही जात नाही."

मग ते कठड्याला टेकले. मला वाटलं चक्कर आली.

"तुझ्या काकूच्या अस्थी मी हिच्यातच सोडल्या. वर, धरणाच्या खाली," ते म्हणाले. "वेंगुर्ल्याची होती ती. लग्न झाल्यापासून जन्मभर धरणांच्या कॉलन्यांत राहिली. रिटायर झालो की समुद्राकाठी घर घेऊ, असं सांगत आलो तिला. रिटायर झालो आणि आणली कुठं, तर या वाळवंटात, नातवंडं सांभाळायला. गेली तेव्हा म्हटलं, निदान नदी तरी नेईल हिला समुद्रावर. नदी समुद्राला मिळायचीच, असं धरून चाललो. मी, ज्यानं जन्मभर नद्या अडवल्या. नकाशा पाहिला तो नंतर."

मेधा रडायला लागली. मी काहीतरी बोलायचं म्हणून बोललो, "पण काका, तुम्ही एवढं पाणी वाचवता, ते जाईलच की खाली."

"छे रे. वाचलेलं पाणी मधलाच कुणीतरी उचलतो. टेलचे, कालव्याच्या शेवटच्या टोकाचे शेतकरी माझ्या ऑफिसात येऊन हेच सांगायचे. मी त्यांना चहा पाजून परत पाठवायचो."

"मग कशाला एवढा आटापिटा?"

"हातावर हात धरून बसवत नाही, म्हणून."

गाडीपाशी आल्यावर त्यांनी डिकी उघडायला लावली आणि आपली बॅग काढली. "मला इथंच एखाद्या मोटेलवर सोडा. येताना घ्या."

"काका, आता तीनएक तासच राहिलेत. काकूंच्या नावानं ओंजळभर पाणी तरी..."

"ती इथं वाटेत अडकलेली आणि मी पुढं समुद्रावर जाऊ?" ते अगदी साध्या आवाजात म्हणाले. "बाजारात, देवळात, लग्नाकार्याला, सगळीकडे मी पुढं चालायचो आणि ती मागून धावत यायची. आता मी थांबतो."

आम्ही त्यांना मोटेलवर सोडलं. सॅन दिएगोला समुद्र फार सुरेख होता. मेधा आणि मी संध्याकाळभर वाळूवर बसून राहिलो. पाण्यात पाय घालायला आमच्यापैकी कुणीच उठलं नाही.